‘थॉमस’ : नाव ठेवणे आणि नावे ठेवणे

मराठी भाषेत ‘नाव ठेवणे’ आणि ‘नावे ठेवणे’ या दोन प्रयोगांत एका मात्रेचे अंतर आहे. अर्थात मात्र जमीनअस्मानाचे. पहिले आपण बाप्तिस्म्याच्या वेळी बाळाचे करतो, दुसरे आयुष्यभर एकमेकांचे करीत राहतो. ख्रिस्ती जगातील एका प्राचीन नावाच्या वाट्याला ही दोन्ही भाग्ये एकदमच आलेली आहेत. ज्या प्रेषिताला ‘संशयी’ म्हणून आपण शतकानुशतके नावे ठेवीत आलो, त्याचेच नाव तितक्याच मायेने आपल्या मुलांना ठेवीत आलो. ते नाव म्हणजे थॉमस. मूळचे अरामी, ग्रीक शुभवर्तमानातून जगभर गेलेले, पण ज्याला आज कोणीही निःशंकपणे ‘अस्सल इंग्रजी नाव’ म्हणेल असे हे नाव. १९९४ साली इंग्लंड आणि वेल्समध्ये जन्मलेल्या मुलांच्या नावांत ते पहिल्या क्रमांकावर होते. या नावाचे एवढे आकर्षण कशात आहे, याचा शोध इंग्रजी वाङ्मयाच्या आधारे घ्यावा, असा आमचा मानस आहे.

अलीकडे बाळाचे नाव निवडताना आईवडील नावांच्या याद्या चाळतात. अशा यादीत ‘थॉमस’ या शब्दापुढे एकच अर्थ दिलेला असतो : जुळा. त्यापुढे फार तर ‘भारदस्त’, ‘अभिजात’, ‘कधीही जुने न होणारे’ अशी दोनचार विशेषणे. या याद्यांविषयी आमची तक्रार ही की त्या खोटे काही सांगत नाहीत, पण सांगायचे तेवढे सोडून देतात. कोशातला अर्थ हा नावाचा सांगाडा असतो. त्यावरचे रक्तमांस ते नाव धारण करणाऱ्या माणसांनी चढवलेले असते. आणि गंमत अशी की, या नावाच्या बाबतीत तो सांगाडासुद्धा, नीट पाहिला तर, आपल्याला बरेच काही सांगतो.

अरामी भाषेतील ‘तोमा’ म्हणजे जुळा. संत योहान आपल्या शुभवर्तमानात लगेच ग्रीक अर्थही देतो : दिदुम. म्हणजे हे मुळात नाव नव्हेच. ही ओळखीची खूण आहे, आपण एखाद्याला ‘धाकला’ किंवा ‘थोरला’ म्हणावे तशी. सिरियाक परंपरेनुसार या प्रेषिताचे मूळ नाव यहूदा असे होते. पण तो कोणाचा जुळा, हे शुभवर्तमान सांगत नाही. जोडीतला एक आपल्यापुढे उभा आहे आणि दुसऱ्याची जागा रिकामी आहे. त्या रिकाम्या जागेत प्रत्येक पिढीतील वाचकाने स्वतःला उभे केले, हे या नावाच्या आकर्षणाचे पहिले कारण होय.

ज्या प्रसंगासाठी आपण थोमाला नावे ठेवतो, तो योहानाच्या विसाव्या अध्यायातला प्रसंग सर्वांना पाठ आहे. पण त्याआधी दोनदा तो बोलला आहे, हे आपण विसरतो. लाझरसकडे जाणे म्हणजे मरणाच्या दाढेत जाणे हे ठाऊक असताना, गुरूबरोबर आपणही मरायला जाऊ, असे इतरांना सुचवणारा हाच. शेवटच्या भोजनाच्या वेळी, आपल्याला वाट ठाऊक नाही, असे सरळ सांगून टाकणारा हाच. ज्याला कळले नाही ते ‘कळले’ म्हणता येत नाही असा हा माणूस. आणि पुनरुत्थानानंतरचे ते आठ दिवस! बाकीचे दहा जण आनंदात असताना त्याला विश्वास ठेवता येत नाही. पण तो त्यांना सोडून जातही नाही, आणि तेही त्याला घालवून देत नाहीत. आठव्या दिवशी तो त्याच खोलीत, त्यांच्याच सोबत आहे. पुढे प्रभूने जखमा पुढे केल्यावर त्याने खरोखर बोट लावले, असे योहान कुठेही लिहीत नाही. लिहितो ती फक्त त्याची कबुली. आणि सगळ्या शुभवर्तमानांत त्याहून मोठी कबुली दुसऱ्या कोणाच्या तोंडी नाही. महान पोप संत ग्रेगरी यांनी तर म्हटले आहे की, इतर शिष्यांच्या विश्वासापेक्षा थोमाचा अविश्वास आपल्या श्रद्धेला अधिक उपकारक ठरला.

हे नाव इंग्रजी कसे झाले? इंग्लंडवर नॉर्मनांची सत्ता येण्यापूर्वी ते तेथे धर्मगुरूंपुरतेच, आणि तेही विरळा, आढळते. सामान्य घरात ते शिरले एका खुनानंतर. लंडनच्या चीपसाइड भागात ११२० च्या सुमारास एका व्यापाऱ्याच्या घरी मुलगा झाला. परंपरेनुसार तो दिवस २१ डिसेंबर, म्हणजे त्या काळच्या पंचांगाप्रमाणे प्रेषित थोमाचा सण. म्हणून त्याचे नाव थॉमस ठेवले. हाच थॉमस बेकेट पुढे राजा दुसऱ्या हेन्रीचा चॅन्सेलर आणि जिवलग मित्र झाला, आणि ११६२ साली कँटरबरीचा आर्चबिशप. मग राजसत्ता आणि ख्रिस्तसभा यांच्या अधिकारांवरून दोघांचे बिनसले. सहा वर्षांचा विजनवास घडला. आणि परतल्यावर महिन्याभरात, २९ डिसेंबर ११७० रोजी, चार सरदारांनी त्याला त्याच्याच कथीड्रलमध्ये ठार केले. अवघ्या सव्वादोन वर्षांत, फेब्रुवारी ११७३ मध्ये, पोप तिसरे अलेक्झांडर यांनी त्याला संत घोषित केले. त्यानंतर कँटरबरीची वाट यात्रेकरूंनी फुलून गेली. चॉसरचे ‘कँटरबरी टेल्स’ हे काव्य त्याच वाटेवर घडते. यात्रेकरू घरी परतत आणि मुलांची नावे थॉमस ठेवीत. जॉन, विल्यम आणि थॉमस ही तीन नावे पुढे अनेक शतके इंग्लंडात आघाडीवर राहिली.

मग १५३८ साल उजाडले. आठव्या हेन्रीने बेकेटची समाधी उद्ध्वस्त केली, तिच्यावरचे सोनेनाणे गाड्या भरून नेले, आणि त्याच नोव्हेंबरात फर्मान काढले की, यापुढे बेकेटला संत म्हणू नये, त्याच्या प्रतिमा काढून टाकाव्यात आणि प्रार्थनाग्रंथांतून त्याचे नाव खोडावे. त्या काळच्या हस्तलिखितांत आजही शाईने फासलेले किंवा खरवडलेले ते नाव पाहायला मिळते. राजाच्या दृष्टीने हे अगदी तर्कशुद्ध होते. राजाला ‘नाही’ म्हणणाऱ्या माणसाची आठवण त्याच्या राज्यात कशी राहू द्यावी? पण कागदावरचे नाव खोडणे सोपे, पाळण्यातले खोडणे अवघड. ज्या इंग्लंडात ते नाव ग्रंथांतून खरवडले जात होते, त्याच इंग्लंडात आयाबाया ते नाव बाळांना ठेवीतच राहिल्या. त्यांपैकी कितींच्या मनात प्रेषित होता, कितींच्या मनात बेकेट, आणि कितींच्या मनात नुसता आजोबा, हे कोण सांगणार? त्या मौनातच ते नाव सुरक्षित राहिले.

या कथेतला खरा उपरोध मात्र आणखी खोल आहे. समाधी मोडण्याचे काम ज्याच्या देखरेखीखाली झाले तो राजाचा मंत्री थॉमस क्रॉमवेल. तेव्हा कँटरबरीच्या आसनावर होते थॉमस क्रॅन्मर. त्यांच्या आधीचा सर्वशक्तिमान कार्डिनल थॉमस वुल्सी. राणी अ‍ॅन बोलीनचा पिता थॉमस. तिचा मामा, नॉरफोकचा ड्यूक, थॉमस हॉवर्ड. दरबारचा कवी थॉमस वायट. आणि या सर्वांमध्ये सर थॉमस मोर. एकाच नावाची एवढी माणसे एका राजाभोवती, आणि बहुतेकांचा शेवट सारखाच. वुल्सी १५३० साली कैदेत लंडनकडे नेला जात असताना वाटेत वारला. मोरचा शिरच्छेद १५३५ साली. क्रॉमवेलचा १५४० साली. क्रॅन्मरला १५५६ साली राणी मेरीच्या कारकिर्दीत जाळण्यात आले. नॉरफोक वाचला तो केवळ त्याच्या वधाच्या आदल्या रात्री राजाच मेला म्हणून. नाव माणसाला घडवत नाही, याचा याहून स्पष्ट पुरावा कोणता हवा? एकाच नावाच्या माणसांनी सिंहासनासमोर उभे राहून वेगवेगळी उत्तरे दिली.

मोरला मात्र आपले नाव कोणाचे आहे याचे नेमके भान होते. मृत्यूच्या आदल्या दिवशी, ५ जुलै १५३५ रोजी, तुरुंगात कोळशाच्या तुकड्याने कन्या मार्गारेटला लिहिलेल्या शेवटच्या पत्रात, उद्या देवाकडे जाता आले तर बरे, कारण उद्या संत थॉमसच्या सणाची पूर्वसंध्या आहे, असा उल्लेख तो करतो. ७ जुलै हा बेकेटच्या अवशेषांच्या स्थलांतराचा सण. एका हेन्रीने मारलेल्या थॉमसच्या सणाच्या उंबरठ्यावर दुसऱ्या हेन्रीच्या थॉमसला मरण यावे, हे त्याला आनंदाचे वाटले.

या दोन थॉमसांवर विसाव्या शतकात दोन प्रसिद्ध इंग्रजी नाटके लिहिली गेली. टी. एस. एलियटचे ‘मर्डर इन द कथीड्रल’ जून १९३५ मध्ये कँटरबरीतच प्रथम सादर झाले. त्याआधी महिन्याभरातच, १९ मे १९३५ रोजी, पोप अकरावे पायस यांनी मोर यांना संतपद बहाल केले होते. नाटककार एलियट स्वतःही एक थॉमसच, हा आणखी एक योगायोग. दुसरे रॉबर्ट बोल्टचे ‘अ मॅन फॉर ऑल सीझन्स’, १९६० साली लंडनच्या रंगभूमीवर आलेले. त्यावरच्या १९६६ च्या चित्रपटाने सहा ऑस्कर पारितोषिके मिळवली. आपल्याकडील सुशिक्षित कॅथलिक कुटुंबांना मोर ठाऊक आहे तो बहुधा या चित्रपटामुळे.

बोल्टचे नाटक देखणे आहे यात वाद नाही. त्याचे संवाद धारदार आहेत आणि त्याचा मोर मोहक आहे. परंतु बोल्टने स्वतः प्रस्तावनेत सांगितल्याप्रमाणे, तो ख्रिस्ती श्रद्धेने लिहीत नव्हता. त्याला मोरमध्ये दिसला तो आपल्या ‘स्व’ची सीमारेषा ठाऊक असलेला माणूस. अमुक एका रेषेपलीकडे गेलो तर मी ‘मी’ राहणार नाही, म्हणून तो मरतो. आमच्या मते येथेच नाटक मूळ व्यक्तीपासून दूर सरकते. खऱ्या मोरने निकालानंतर न्यायाधीशांपुढे दावा केला तो आपल्या वैयक्तिक मताचा नव्हे. सगळ्या ख्रिस्ती जगाच्या आणि होऊन गेलेल्या संतांच्या साक्षीचा. तो एकटा नव्हता, हेच त्याचे म्हणणे होते. शिवाय, संत पौल स्तेफनाच्या वधाला संमत असूनही आज दोघे स्वर्गात मित्र आहेत, तद्वतच आपण आणि आपले न्यायाधीश तेथे आनंदाने भेटू, अशी प्रार्थना त्याने केली. स्वतःला जपणाऱ्या माणसाला ही प्रार्थना सुचत नाही. बोल्टच्या नाटकात एक ‘सामान्य माणूस’ आहे : तोच नोकर, तोच नावाडी, तोच तुरुंगरक्षक आणि शेवटी तोच मारेकरी. नायक उंच, आणि सामान्य माणूस जिवाला जपून मान खाली घालणारा. या थॉमसला कोणी जुळा उरत नाही.

एलियटचे नाटक तुलनेने जड आहे, प्रेक्षकाला फारशी सवलत न देणारे; तरीही आम्ही त्याला वरचे स्थान देऊ. त्याच्या बेकेटकडे चार मोहकर्ते येतात. सुख, सत्ता, बंड हे पहिल्या तिघांचे मोह बेकेट सहज झटकतो. चौथा मोह अनपेक्षित असतो : हुतात्मा हो आणि अमर कीर्ती मिळव. म्हणजे बेकेटच्याच मनातली छुपी इच्छा तो त्याच्यापुढे ठेवतो. योग्य कृती चुकीच्या हेतूने करणे, हा पवित्र माणसापुढचा शेवटचा सापळा आहे, हे एलियटने जेवढे ओळखले तेवढे क्वचितच कोणी ओळखले असेल. आणि त्याच्या नाटकातही सामान्य माणसे आहेत : कँटरबरीच्या गरीब स्त्रियांचा समूह. त्या घाबरट आहेत, आपल्याला शांतपणे जगू द्यावे असे म्हणणाऱ्या आहेत. पण त्या खोली सोडून जात नाहीत. त्यांच्या भीतीला वाचा मिळते, त्यांच्या अपराधाला आणि शेवटी त्यांच्या स्तुतीलाही. थॉमस आणि त्या, अशी जोडी पूर्ण होते. ज्या नावाचा अर्थ जुळा आहे, त्या नावाला एलियटने न्याय दिला असे आम्ही म्हणतो ते यामुळेच.

निःपक्षपणे आणखी एका कादंबरीचा उल्लेख करायला हवा. हिलरी मँटेल यांची ‘वुल्फ हॉल’ ही कादंबरी २००९ साली आली आणि बुकर पारितोषिकास पात्र ठरली. तिचा नायक क्रॉमवेल आहे, आणि मोर तिथे कठोर, अहंमन्य, पाखंड्यांचा छळ करणारा असा दिसतो. अनेक कॅथलिक वाचक या चित्रणाने दुखावले. मोर चॅन्सेलर असताना पाखंडी ठरवलेल्या माणसांना जाळण्यात आले, आणि त्याला ते गैर वाटले नाही, हे इतिहासाने नोंदवलेले सत्य आहे; ते लपवून संतांचा सन्मान होत नाही. परंतु मँटेलबाई क्रॉमवेलला जी सहानुभूती उदारपणे देतात तिचा एक घोटही मोरला देत नाहीत, हा त्या समर्थ कादंबरीतील उणा भाग आहे. एका थॉमसला उजळ करण्यासाठी दुसऱ्याला काळा केलाच पाहिजे असे नाही.

संतांच्या आणि मंत्र्यांच्या या रांगेतून खाली उतरले की, हेच नाव ‘टॉम’ होऊन रस्त्यावर येते. इंग्रजीत ‘टॉम, डिक आणि हॅरी’ म्हणजे आपले सोम्यागोम्या. बोका तो ‘टॉमकॅट’; आणि सैन्याच्या कागदांवरचे नमुन्याचे नाव थॉमस अ‍ॅटकिन्स, म्हणून ब्रिटिश शिपाई तो ‘टॉमी’. फील्डिंगचा टॉम जोन्स, ह्यूजेसचा टॉम ब्राऊन हे याच कुळातले : चुका करणारे, पण मनाने निर्मळ. बिशपापासून बोक्यापर्यंत जाऊनही ज्याची लाज वाटत नाही, असे नाव भाषेत विरळाच.

पण आम्हाला सर्वांत अर्थपूर्ण वाटतो तो चार्ल्स डिकन्सच्या ‘हार्ड टाइम्स’ या १८५४ सालच्या कादंबरीतील थॉमस ग्रॅडग्राइंड. हा गृहस्थ शाळेत आणि घरात एकच मंत्र जपतो : वस्तुस्थिती आणि आकडे. कल्पनेला, मायेला, नवलाला त्याच्या हिशेबात जागा नाही. डिकन्सच्या मनात प्रेषित थोमा होता की नाही याची आम्हाला चर्चा करायची नाही. पण ख्रिस्ती वाचकाला तो दिसल्यावाचून राहत नाही. प्रेषित थोमानेही पुरावाच मागितला होता. मग फरक कोठे? थोमाने मागितला तो जखमांचा पुरावा. ग्रॅडग्राइंडच्या आकडेवारीत जखमा मोजण्याची सोयच नाही. त्याच्या शिकवणीने वाढलेला मुलगा, तोही टॉमच, बँकेत चोरी करतो आणि आळ एका गरीब कामगारावर येऊ देतो. मुलगी लुइझा मोडलेल्या संसारातून परतून बापाच्या पायाशी कोसळते. त्या क्षणी त्या बापापुढे पहिल्यांदाच जखम येते. आणि तो बदलतो. डिकन्सने त्याला शिक्षा देऊन सोडले नाही, त्याला आठवा दिवस दिला. ‘नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा’ अशी गत झालेल्या या थॉमसला अखेरीस आपले नाव सापडते.

आपल्या घरांतील लहान मुलांना मात्र यांपैकी कोणीच थॉमस ठाऊक नसतो. त्यांचा थॉमस म्हणजे दूरदर्शनच्या पडद्यावरचे निळे रेल्वे इंजिन. विल्बर्ट ऑड्री या अँग्लिकन पाद्र्याने आपल्या आजारी मुलाला सांगितलेल्या गोष्टींतून ही मालिका जन्मली आणि १९४६ साली त्यात थॉमस अवतरला. हे इंजिन लहान आहे, चौकस आहे, थोडे आगाऊ आहे, वारंवार रुळावरून घसरते. त्याला रागावले जाते, पुन्हा रुळावर आणले जाते आणि पुन्हा कामाला लावले जाते. पाद्र्याने लिहिलेली गोष्ट आहे हे वेगळे सांगायला नको.

मराठी वाचकाला या नावाचे एक देणे मात्र विशेष आहे. बेकेटचे नाव खोडण्याच्या फर्मानाला जेमतेम एक तप उलटत नाही तोच, १५४९ च्या सुमारास, विल्टशर परगण्यात एका मुलाचा जन्म झाला आणि त्याचे नाव थॉमस ठेवले गेले. कॅथलिक श्रद्धा जपणे इंग्लंडात अवघड झाल्यावर तो रोमला गेला, येशूसंघात दाखल झाला आणि २४ ऑक्टोबर १५७९ रोजी गोव्यास पोहोचला. हेच आपले फादर थॉमस स्टीफन्स. मायदेशी त्यांच्या धर्माला वाव उरला नव्हता. त्यांनी परक्यांची भाषा आपली केली आणि दहा हजारांहून अधिक ओव्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ मराठीत रचले. १६१६ साली ते रायतूर येथे छापले गेले. इंग्लंडच्या राजाने जे नाव पुसू पाहिले, ते एका अर्थी मराठी वाङ्मयाच्या इतिहासात कायमचे कोरले गेले. प्रेषित थोमा भारतात आला अशी आपली प्राचीन परंपरा आहे. पंधरा शतकांनी त्याचा हा नामधारी इंग्लंडहून आला, आणि आपल्या जुळ्या भावंडांसारखा आपल्यात मिसळून गेला.

तेव्हा ‘थॉमस’ या नावाचे आकर्षण त्याच्या नादात नाही, किंवा त्याच्या भारदस्तपणातही नाही. हे नाव कोणत्याही सद्गुणाची हमी देत नाही. त्याने संत दिले, तसे दरबारीही दिले. ते एक प्रश्न मात्र बाळाच्या उशाशी ठेवते : ठाऊक नाही ते ‘ठाऊक नाही’ म्हणण्याचे, आणि ठाऊक झाले की प्राणांनिशी त्याला धरून राहण्याचे धैर्य तुला होईल काय? ख्रिस्तसभेचा कायदा पालकांना एवढेच सांगतो की, ख्रिस्ती भावनेला परके असे नाव ठेवू नये. निवड त्यांची आहे. थॉमस ठेवा किंवा आपल्या मातीतले दुसरे एखादे अर्थपूर्ण नाव ठेवा. पण त्या नावामागचे माणूस कोण, हे मुलाला सांगण्याइतके ते तुम्हाला ठाऊक असू द्या.

आणि एक विनंती, जी मुख्यतः घरातल्या वडीलधाऱ्यांना आहे. प्रत्येक कुटुंबात कधी ना कधी एखादा थॉमस निघतो, त्याचे नाव काहीही असो. तो प्रश्न विचारतो, मिस्सेला यायला कुरकुरतो, पुरावा मागतो. त्याला नावे ठेवणे सोपे आहे. त्या दहा प्रेषितांनी तसे केले असते, तर आठव्या दिवशी खोलीत थोमा नसता, आणि ती सर्वांत मोठी कबुली जगाने कधीच ऐकली नसती. त्यांनी त्याची जागा राखून ठेवली. आपणही तेवढे करू शकतो.